मुक्या शर्यतीला बोलतं करणारे मेस्त्रीकाका

श्री. शशिकांत मेस्त्री यांच्याशी माझी पहिली ओळख झाली ती मिक्सरमुळे. गौरवग्रंथातल्या लेखाची सुरुवात मिक्सरने करू नये, एवढं मलाही कळतं. 'कार्य, मूल्ये, सहवास अशा क्रमाने लिहा' असं संपादकांनी मला बजावलंही होतं. पण जे झालं ते झालं, त्याला माझा इलाज नाही. लग्न होऊन मी नाशिकहून मस्कतला आले, रुवीतल्या एका लहानशा फ्लॅटमध्ये संसार मांडला आणि महिना व्हायच्या आत आईने हौसेने दिलेला मिक्सर जळाला. मी रडकुंडीला आले. शेजारीण म्हणाली, "त्यात काय एवढं? इथे जवळच दार्सैतला मेस्त्री म्हणून आहेत, कोकणातले. कंपनीत इलेक्ट्रिशियन आहेत, शुक्रवारी घरी असतात. कृष्णाच्या देवळापाशी कुणालाही विचार."

दार उघडलं ते त्यांच्या पत्नीने, मालतीकाकूंनी. ओळख ना पाळख, पण "कोण गो तू? ये, ये, उन्हातून इलंस," म्हणत हाताला धरून आत घेऊन गेल्या. मेस्त्रीकाकांनी मिक्सर उघडला, नाकाशी धरून वास घेतला आणि मान वर न करता म्हणाले, "बाई, सुकं खोबरं थोडं थोडं घालत जा. यंत्राला पण जीव असतो." मला असा राग आला! मी तेव्हा जेमतेम तेवीस वर्षांची, आणि हे गृहस्थ मला 'बाई' म्हणतात, वर खोबरं कसं वाटायचं तेही शिकवतात. आज इतकी वर्षं झाली, मी दोन मुलांची आई झाले, केस पिकले, तरी मी त्यांची 'बाई'च आहे. फरक इतकाच की आता कुणी दुसऱ्या नावाने हाक मारलेली मला चालणार नाही.

मिक्सर दुरुस्त होईपर्यंत मी इकडेतिकडे बघत होते. कोपऱ्यातल्या टेबलावर चादरीखाली काहीतरी झाकून ठेवलेलं होतं. "ते काय आहे?" मी विचारलं. काका काही बोलायच्या आत काकू म्हणाल्या, "ती आमची टॉकीज." आणि दोघं एकमेकांकडे बघून हसले.

त्या टॉकीजची हकीकत अशी. काका-काकू नुकतेच ओमानला आले होते तेव्हाची गोष्ट. त्यांच्या कंपनीला एका जुन्या क्लबाची अडगळीची खोली रिकामी करायचं काम मिळालं होतं. मोडक्या खुर्च्या, गंजलेले पंखे आणि त्यांच्या खाली एक प्रोजेक्टर आणि फिल्मच्या रिळांचे पत्र्याचे डबे. काकांनी अर्बाबना, म्हणजे कंपनीच्या मालकांना, विचारलं, "हे टाकायचं?" ते म्हणाले, "खलास. ले जाओ." काकांनी ते ओझं टॅक्सीत घालून घरी आणलं. बहुतेक रिळं एकमेकांना चिकटून त्यांचा गोळा झाला होता. फक्त एक शाबूत निघालं. काकांनी प्रोजेक्टरचा पट्टा बदलला, दिवा कुठून कुठून शोधून आणला आणि पांढऱ्या भिंतीवर चित्र पाडलं. भिंतीवर सुरू झाली ती सायकलींची शर्यत.

ज्यांनी ती पाहिलेली नाही त्यांच्यासाठी सांगते. ती फिल्म फार जुनी, मुक्या चित्रपटांच्या अगदी सुरुवातीच्या काळातली. आवाज नाही, पाट्या नाहीत, नाव नाही. एक गोल ट्रॅक, कडेला बशीसारखा उचललेला. कुंपणामागे टोप्या घातलेले पुरुष आणि टोपल्याएवढ्या टोप्या घातलेल्या बाया. चार सायकलस्वार रांगेत उभे, प्रत्येकाला मागून एकेक माणूस धरून आहे. इशारा होतो, माणसं ढकलतात आणि चौघं सुटतात. फेऱ्यांवर फेऱ्या होतात. एक मिशीवाला सगळ्यांच्या पुढे, एक काळ्या बनियनमधला त्याच्या मागे. शेवटच्या फेरीत चौथा, सगळ्यांत किडकिडीत, धाडकन पडतो. बाकीचे पुढे जातात, जिंकतात, टोप्या उडतात. आणि मग तो किडकिडीत उठतो, वाकलेलं हँडल सरळ करायला बघतो, ते होत नाही तेव्हा सायकल खांद्यावर घेतो आणि धावत धावत रेषा ओलांडतो. तिथे रीळ संपतं.

पहिल्या वेळी काकांनी ती फिल्म बोलपटाच्या वेगाने चालवली. सगळे स्वार मुंग्यांसारखे तुरुतुरु पळायला लागले. काकू खो खो हसल्या. काकांनी यंत्र थांबवलं, वेगाचं बटण फिरवलं आणि पुन्हा सुरू केलं. तो हट्ट त्यांनी पुढे कधीही सोडला नाही. आमच्या मराठी मंडळाच्या हॉलमध्ये एका उत्साही गृहस्थांनी एकदा सुचवलं, "काका, जरा फास्ट करा ना, मुलांना मजा येईल." काका म्हणाले, "तो माणूस तिथे जीव तोडून सायकल चालवतोय. त्याला मुंगी करून तुम्हाला कसली मजा?" ते गृहस्थ खाली बसले. इतक्या वर्षांत काकांचा आवाज चढलेला मी ऐकला तो तेवढाच एकदा.

आता स्वारांच्या नावांबद्दल. ती दिली मालतीकाकूंनी. लग्न होऊन त्या दार्सैतला आल्या तेव्हा त्यांना ना हिंदी येत होतं ना इंग्रजी. मालवणजवळच्या गावातून एकदम इथे येऊन पडल्या. दुपारभर खिडकीत उभ्या राहून टॅक्स्या बघायच्या. काका कामावरून आले की त्यांच्यासाठी भिंतीवर शर्यत लावायचे. दुसरं होतंच काय लावायला! आठवड्याभरात काकूंनी चौघांना आपल्या वाडीतली माणसं करून टाकलं. मिशीवाला गजो, काळ्या बनियनवाला बाबलो, तिसरा दत्तो आणि पडणारा तो भिको. कुंपणामागच्या टोपीवाल्या बाईचंसुद्धा त्यांनी नाव ठेवलं होतं, ते इथे छापण्यासारखं नाही. ती बाई काकूंची चुलत सासू होती म्हणे. शर्यत संपली की काकू उठायच्या आणि विचारायच्या, "अहो, चाय ठेवू?" तो प्रश्न आला की टॉकीज सुटली. हे मी स्वतः कितीतरी वेळा पाहिलेलं आहे.

मी पेशाने शिक्षिका. पुढे आम्ही मस्कतच्याच अल खौद भागात राहायला गेलो आणि मंडळाने मुलांसाठी शुक्रवारचा मराठी वर्ग माझ्या गळ्यात घातला. इथल्या मुलांची मराठी म्हणजे काय सांगू! आपापसात इंग्रजी, मित्रांशी हिंदी आणि घरी आजीचा फोन आला की 'हो', 'नाही', 'जेवलो'. मी बाराखडी घोटून घेतली, गोष्टी वाचून दाखवल्या, ओरडले. पोरं ढिम्म. एका शुक्रवारी काका माझा बिघडलेला टेबलफॅन परत द्यायला वर्गात आले, मागे बसून तो सगळा तमाशा बघितला आणि वर्ग सुटल्यावर म्हणाले, "बाई, तुम्हीच एवढं बोलता, मग पोरांनी कधी बोलायचं?"

मला ते झोंबलं. खरं होतं म्हणूनच झोंबलं.

पुढच्या शुक्रवारी ते प्रोजेक्टर घेऊन आले. पडदे ओढले, शर्यत लावली आणि मुलांना म्हणाले, "ही माणसं मुकी आहेत. त्यांना बोलता येत नाही. तुम्ही बोला त्यांच्या वतीने. पण एक आहे, गजो, बाबलो, दत्तो आणि भिको यांना मराठीशिवाय काही कळत नाही." मुलांना ते पटलं! मुलांना काय पटेल याचा नेम नसतो. एकेकाने उठून निवेदन करायचं, असा पायंडा पडला. "गजो फर्स्ट आहे!" "पहिला म्हण, पहिला!" "बाबलो त्याला पकडते!" "तो पडली!" माझ्यातली मास्तरीण दर वाक्याला दचकायची. मी चूक सुधारायला तोंड उघडलं की काका हाताने थांबवायचे. "चुकू दे. बोलतोय ना?" मग शेवटी स्वतःच्या पाळीला ते सगळं निवेदन करायचे आणि मुलांनी चुकवलेलं एकेक वाक्य त्यात बरोबर करून सोडायचे. कुणाचं नाव न घेता. "पडला, भिको पडला! बाबलो गजोला पकडतोय!" पोरं गुपचूप ओठ हलवायची. मी बी.एड.ला हे शिकले नव्हते.

वर्गात एक मुलगी होती. वर्षभर तोंडातून शब्द नाही. मराठीत तर नाहीच, कशातच नाही. तिची आई काळजीने अर्धी झाली होती. काकांनी तिला कधी उभं केलं नाही. एक दिवस भिको हँडल सरळ करायला लागला आणि ती बसल्या जागेवरून मोठ्याने म्हणाली, "अरे, वाकडं झालंय ते! सोड ना! उचल सायकल आणि पळ!" काकांनी मागे वळूनही बघितलं नाही, फक्त "बरोबर सांगते ती, भिक्या, ऐक तिचं," म्हणाले. ती मुलगी आज पुण्यात दाताची डॉक्टर आहे आणि बोलायला लागली की थांबवावी लागते.

काकांच्या मायेबद्दल लिहायचं तर माझ्या वडिलांचं सांगते. ते गेल्याचा फोन आला आणि विमानाचं तिकीट दुसऱ्या दिवसाशिवाय मिळेना. घरात माणसं येत होती, समजूत घालत होती, 'वय झालं होतं' म्हणत होती. मला सगळ्यांना हाकलून द्यावंसं वाटत होतं. काका-काकू आले. काकूंनी पेजेचा डबा ठेवला आणि माझ्या पाठीवर हात ठेवून बसल्या. काका सरळ स्वयंपाकघरात गेले आणि कित्येक महिने गळणारा नळ दुरुस्त करत बसले. बाहेर येऊन म्हणाले, "बाई, रडून झालं की सांगा, चहा करतो." आणि थांबले. माझं रडून होईपर्यंत खरंच थांबले.

आता पुढचं. हे लिहू का, असं मी काकांना विचारलं होतं. "लिहा," म्हणाले, "पण आमची कीव येईल असं लिहू नका. तसं काही नाही आमच्याकडे."

काही वर्षांपूर्वी काकू विसरायला लागल्या. आधी मीठ, मग चाव्या, मग रस्ता. डॉक्टरांनी आजाराचं नाव सांगितलं आणि तो परत फिरत नाही हेही सांगितलं. काका निवृत्त झाले होते, मुलगा इथेच नोकरीला आहे, त्यामुळे राहण्याची अडचण नव्हती. पण हळूहळू काकू माणसंही विसरल्या. मला त्या कधी त्यांची बहीण समजतात, कधी पोस्टातली बाई. आणि काकांना? काकांना त्या 'मास्तर' म्हणायला लागल्या. गावात त्यांच्या घराशेजारी कुणी मास्तर राहायचे. "मास्तर, बसा. आमचे हे येतीलच आता," असं त्या काकांनाच सांगायच्या आणि दाराकडे बघत राहायच्या. काका म्हणायचे, "बसतो." आणि समोरच्या खुर्चीवर पाहुण्यासारखे बसायचे.

दिवसातून फक्त एक वेळ अशी यायची की तेव्हा काकू परत यायच्या. दुपारी भिंतीवर शर्यत लागली की. यंत्राची कटकट सुरू झाली की त्या सरळ बसायच्या. "गजो इलो बघ! बाबल्या, मार पाय!" चौघांची नावं बिनचूक, चुलत सासूबाईंसकट. भिको पडला की "पडलो मेलो! ऊठ रे, ऊठ!" आणि रीळ संपलं की काकांकडे वळून, "अहो, चाय ठेवू?" मास्तर नाही. अहो. मुलाने ती फिल्म मोबाइलवर उतरवून दिली होती, पण काकूंनी त्याकडे ढुंकून बघितलं नाही. त्यांना ते यंत्र लागायचं आणि ती भिंत लागायची. त्या एका 'अहो'साठी काका रोज दुपारी ते रीळ लावत होते.

आणि अशात ते सालिमचं प्रकरण झालं.

सालिम हे माझ्या यजमानांच्या ऑफिसातले ओमानी सहकारी. सायकलिंगचं त्यांना वेड. लहानपणी रुवीत आपल्या लोकांत वाढल्यामुळे हिंदी छान बोलतात. गेल्या वर्षी मराठी वर्गाच्या वार्षिक कार्यक्रमाला आम्ही त्यांना कौतुकाने बोलावलं. काकांनी नेहमीसारखी प्रस्तावना केली, "आता आपण बघणार आहोत रशियातली एक जुनी सायकल शर्यत." रशियातली का, तर कुंपणावर मोठ्या अक्षरांत एक फलक दिसतो आणि त्यात उलटा आर आणि उलटा ई आहे. अशी अक्षरं रशियन लिपीत असतात, असं सुरुवातीला कुणीतरी सांगितलं, आणि तेव्हापासून आम्ही सगळे ते मानत आलो. पिढ्यान्पिढ्या मुलांनी निबंधात 'रशियाचा भिको' लिहिलं आहे आणि मी त्यांना त्याबद्दल गुण दिलेले आहेत.

शर्यत संपल्यावर सालिम हळूच म्हणाले, "काका, माफ करना, ये सब लोग उलटा क्यों जाता है?"

"उलटा कुठे?" मीच तोऱ्यात म्हटलं. "सीधा तो जा रहे हैं."

"नहीं मॅडम. ट्रॅक पे हमेशा लेफ्ट घूमता है. पूरी दुनिया में. ये राइट घूम रहे हैं."

हॉलमध्ये कुजबूज झाली. कुणीतरी म्हणालं, "अहो, प्रदक्षिणा अशीच घालतात!" आणि तेच खरं कारण होतं. दर आठवड्याला देवळात देव उजव्या हाताला ठेवून फिरणारी आम्ही माणसं. ते चौघेही मधलं मैदान उजव्या हाताला ठेवून फिरत होते. आमच्या डोळ्यांना त्यात काही खटकलंच नाही. वाटेल ती पैज लावते, ही चूक इतकी वर्षं फक्त आम्हीच करू शकलो असतो.

काकांनी दिवा लावला, फिल्म काढली, बोटांमध्ये धरून उजेडात बघितली. मुक्या फिल्मला दोन्ही कडांना भोकं असतात, त्यामुळे ती पालथी बसवली तरी बिनतक्रार चालते. काकांनी ती उलटून बसवली, फोकस पुन्हा लावला आणि बटण दाबलं. चौघं डावीकडे वळत निघाले. फलक आला. उलटा आर सुलटा झाला, उलटा ई सुलटा झाला आणि सगळ्या हॉलने एका सुरात वाचलं, "टी रूम!" आमचा रशिया म्हणजे चहाची खोली निघाली! मी सांगते, हसून हसून लोकांच्या डोळ्यांत पाणी आलं. सालिम तर ओशाळून "सॉरी काका, सॉरी" करत होते.

काका हसले नाहीत. घरी जाताना गाडीत म्हणाले, "चेन डाव्या बाजूला दिसत होती हो, बाई. सायकलची चेन उजवीकडे असते हे शेंबड्या पोराला कळतं. मी मेकॅनिक माणूस. मी चेन बघितलीच नाही. मी शर्यतच बघत बसलो."

दुसरा कुणी असता तर हसण्यावारी नेलं असतं. काकांनी पुढच्या शुक्रवारी वर्गात उभं राहून मुलांना सांगितलं, "मी तुम्हाला चुकीचं शिकवलं. हे रशियात नाही. इंग्रजी फलक आहे, म्हणून इंग्रजी चालतं अशा कुठल्यातरी देशात. कुठल्या, ते मला माहीत नाही आणि माहीत नसताना मी पुन्हा सांगणार नाही." मग जुन्या विद्यार्थ्यांना एकेक करून फोन केले. कॅनडात, दुबईत, पुण्यात. त्या दाताच्या डॉक्टरीणबाईंनी मला नंतर सांगितलं, "काकांचा फोन आला तेव्हा मी पेशंटच्या तोंडात हात घालून होते. काका म्हणाले, रशिया नाही, आणि फेरी डावीकडून. दुरुस्त करून घे. मला आधी हसू आलं आणि मग रडूच आलं."

एवढं सगळं करून काका घरी गेले आणि घरीही त्यांनी रीळ सुलटं लावायला सुरुवात केली. बरोबर कळल्यावर चूक कशी दाखवायची? तो त्यांचा पिंडच नाही.

काकू शर्यत बघत बसल्या. एक फेरी झाली, दुसरी झाली. त्यांनी कुणाचं नाव घेतलं नाही. मग कपाळाला आठी घालून म्हणाल्या, "हे खंय जातंत? हे आपले नाय." काकांनी दुसऱ्या दिवशी पुन्हा लावलं. तिसऱ्या दिवशी पुन्हा. डोळ्यांना सवय होईल, असं त्यांना वाटलं. सवय कसली होते! काकू यंत्र सुरू झालं की घाबरायला लागल्या. "मास्तर, माका घराक जावचा आसा," म्हणून दाराशी जाऊन उभ्या राहायच्या. ज्या घरात सगळा संसार केला त्या घरातून त्यांना घरी जायचं होतं. आणि 'अहो' गेलं ते गेलंच. आठवडा गेला, पंधरवडा गेला, एकदाही नाही.

काकांचा फोन आला तेव्हा मी स्वयंपाकघरात होते. आधी हवापाण्याचं बोलले. मग म्हणाले, "बाई, तुम्ही शिकवता म्हणून विचारतो. चूक आहे हे माहीत असून पुन्हा तसंच दाखवायचं, हे बरोबर आहे का? मी पोरांना सांगून बसलोय. सगळ्यांना फोन केलेत. आणि घरात दार लावून रीळ पालथं लावायचं?"

मला काय बोलावं ते सुचेना, आणि सुचेनासं झालं की मी ओरडते. "काका, चुलीत घाला ते बरोबर आणि चूक! कोण तपासायला येणार आहे तुमच्या भिंतीवर?"

"कोणी नाही," ते म्हणाले. "पण ती एकटीच तर बघणारी आहे. तिला खोटं दाखवू?"

मी गाडी काढली आणि दार्सैतला गेले. काकू खिडकीत होत्या. मला म्हणाल्या, "पोस्टात आमचां काय इलां?" मी म्हटलं, "नाही हो, काकू." काका माझ्याकडे बघून कसनुसं हसले. मग त्यांनी फिल्म काढली, पालथी केली आणि बसवायला घेतली. काकांच्या हातांनी अर्ध्या मस्कतचे मिक्सर आणि पंखे दुरुस्त केलेत, पण त्या दिवशी त्यांना ती पट्टी दातांवर बसवता येईना. मी मदत केली नाही. करू नये असं वाटलं.

यंत्राची कटकट सुरू झाली. काकू दाराकडे निघाल्या होत्या, त्या थबकल्या. भिंतीवर चौघं उजवीकडे वळले. काकू परत आल्या, खुर्चीच्या कडेवर टेकल्या आणि कमरेवर हात ठेवून कडाडल्या, "गज्या! इतके दिवस खंय होतंस रे, मेल्या?"

मी तोंडात पदर कोंबला. काका भिंतीकडे बघतच नव्हते, ते काकूंकडे बघत होते. बाबलो आला, दत्तो आला, भिको पडला, उठला, सायकल खांद्यावर घेतली, धावला. पांढरी भिंत झाली. काकूंनी नेहमीसारखा साडीच्या निऱ्यांवर हात फिरवला, वळल्या आणि म्हणाल्या, "अहो, चाय ठेवू? ही कधीची बसलीहा."

"ठेव," काका म्हणाले. "साखर कमी घाल." आणि तोंड फिरवून यंत्रावरची नसलेली धूळ पुसायला लागले.

तेव्हापासून मेस्त्रीकाकांनी आपला नियम केला आहे. वर्गात शर्यत सुलटी लागते, डावीकडे वळते आणि प्रस्तावनेत काका जे माहीत आहे तेवढंच सांगतात. घरी ती पालथी लागते. याबद्दल त्यांनी मुलांनाही सांगून टाकलं आहे. लपवायला काही ठेवलेलंच नाही. एका चिमुरडीने विचारलं, "मग खरी कुठली?" काका म्हणाले, "ही इथली खरी. ती घरची माझी."

श्री. शशिकांत मेस्त्री यांना येत्या महिन्यात पंचाहत्तर वर्षं पूर्ण होत आहेत. मंडळाच्या वतीने काय शुभेच्छा लिहू, हे विचारायला मी परवा त्यांच्याकडे गेले होते. काकू आत झोपल्या होत्या. "ते शतायुषी-बितायुषी घालू नका हं, बाई," काका म्हणाले. मग म्हणाले, "बायका सवाष्ण जायचं मागतात. ही दर वटपौर्णिमेला तेच मागायची. इथे वड कुठला, कुंडीतल्या कसल्यातरी रोपाला सूत गुंडाळायची. मला तेव्हा भारी राग यायचा. म्हणायचो, मला मागे टाकून जायची एवढी घाई का गं तुला? आता मीच तिच्यासाठी ते मागतो. मी आधी गेलो तर ती दुपारी कुणाला अहो म्हणणार? तेव्हा तुम्हाला मागायचंच असेल तर एवढंच मागा. तिच्यापेक्षा एक दिवस जास्त. मला पुरे."

काका, आम्ही सगळे तेच मागतो. तुम्ही शिकवलेली आणि बोलती केलेली सगळी मुलं, जगाच्या पाठीवर जिथे असतील तिथून, तेच मागतात. परमेश्वराने तुम्हाला निरोगी ठेवावं, हात स्थिर ठेवावेत आणि मालतीकाकूंपेक्षा एक दिवस जास्त द्यावा. आणि काकूंना खूप, खूप वर्षं द्यावीत.